आन्सेल्मचा डावा गुडघा

झेली पोरीला आणि एक बोचकं घेऊन सासूच्या दारात उभी राहिली, तेव्हा फिलोमेनला आधी बरंच वाटलं. दीड वर्षात थोरली सून या घराची पायरी चढली नव्हती. नवरा एक्तोर लढाईवर गेला, मागोमाग जर्मन फ्रान्समधल्या या रूबे गावात शिरले, आणि आघाडीच्या पलीकडे अडकलेल्या माणसाची खबर येणं बंद झालं. तो आहे की नाही हेही कुणाला ठाऊक नव्हतं. त्याचा सगळा राग झेली घरात उरलेल्या धाकट्या दिरावर काढायची. आज मात्र ती ईस्टरच्या आदल्या दिवशी एप्रनच्या ओच्यात चार बटाटे घालून आली होती. एकोणीसशे सोळा सालच्या रूबेत चार बटाटे म्हणजे काय, ते इथं ज्यानं दोन हिवाळे काढले त्यालाच कळेल.

"ये गं," फिलोमेन म्हणाली. "ओदिल, किती वाळलीस बाई."

ओदिलनं आजीच्या दोन्ही गालांचे मुके घेतले. एकोणीस वर्षांची पोर, बापासारखी उंच, आणि अलीकडे खांदे पाडून चालायला लागलेली. रस्त्यावर शिपायांच्या नजरेत भरू नये म्हणून सगळ्याच पोरी तशा चालत.

झेली म्हणाली की चार दिवस इथंच राहू म्हणतो, घरात दोघीच बायका, रात्री पत्रा वाजला तरी छातीत धस्स होतं. यात वावगं काही नव्हतं. शुक्रवारी भिंतीभिंतींवर फर्मान लागलं होतं आणि तेव्हापासून अख्खं गाव जीव मुठीत धरून बसलं होतं. शिपाई दारात आले की घरातल्या सगळ्यांनी आपापलं बोचकं घेऊन दाराच्या आतल्या बोळात उभं राहायचं, दार सताड उघडं ठेवायचं. अधिकारी येईल, बोट दाखवील, तो माणूस शेतावर कामाला जाईल. कुठल्या शेतावर, किती दिवस, ते लिहिलेलं नव्हतं. पुरुष की बाई, तेही लिहिलेलं नव्हतं.

फिलोमेननं माडीवरची खोली उघडून दिली आणि खाली येऊन सूप चुलीवर ठेवलं. तिच्या नवऱ्यानं चालवलेला हा गुत्ता. बिअर संपून वर्ष झालं होतं, तांब्याचे नळ जर्मनांनी काढून नेले होते, पण बाकं आणि लांब टेबल होतं तिथंच होतं. जेवायला पाच जण बसले. टेबलाच्या टोकाशी ओमेर, फिलोमेनचा धाकटा दीर, सत्तरीला टेकलेला, गुत्त्यातला नेहमीचा बोलका पोपट. त्याच्या शेजारी फिलोमेनचा धाकटा मुलगा आन्सेल्म, डावा पाय टेबलाखाली लांब करून.

हा आन्सेल्म कोण, ते रूबेत कुणाला सांगावं लागलं नसतं. लोकरीच्या गोदामात तो आठवडाभर लोकर निवडायचा आणि रविवारी फुटबॉलच्या संघात हाफबॅक खेळायचा. पाच वेळा देशाचा सदरा अंगात घातला होता त्यानं. ब्रुसेल्सला सामना असला तर शनिवारी संध्याकाळी लोकरीचा वास अंगावर घेऊनच तिसऱ्या वर्गाच्या डब्यात बसायचा, तिकीट स्वतःचं, बूट स्वतःचे, आणि सोमवारी पहाटे पुन्हा गोदामात हजर. पैसे घेऊन खेळणं म्हणजे चर्चच्या पायरीवर दुकान मांडणं, असं त्या पोरांना वाटायचं. तो गर्दीतून चेंडू घेऊन निघाला की मैदानाभोवतीचे लोक ओरडायचे नाहीत, गप्प व्हायचे. एवढं मी लोकांच्या तोंडून ऐकलंय आणि माझा त्यावर विश्वास आहे.

चौदा सालच्या वसंतात त्याचा गुडघा मुरगळला. ऑगस्टमध्ये लढाई लागली तेव्हा पाय प्लास्टरमध्ये होता, म्हणून लष्करानं त्याला पुढच्या बोलावण्यावर ठेवलं, आणि ते बोलावणं यायच्या आत जर्मन आले. जर्मनांनी गावातले सगळे पुरुष चौकात उभे करून तपासले. आन्सेल्म लंगडत गेला, त्यांच्या डॉक्टरनं गुडघा दाबून पाहिला आणि कार्डावर 'लंगडा' असा शिक्का मारला. त्या संध्याकाळी ओमेरनं गुत्त्यात सुरुवात केली. म्हणाला, आमच्या पोरानं आजवर जे बेल्जियमवाल्यांना केलं तेच आज डॉक्टरला केलं, डावीकडे झुकवलं आणि उजवीकडून निघून गेला. पाय केव्हाच बरा झालाय, लंगडतोय ते नुसतं नाटक. लोक टेबलं बडवून हसले. हसायला दुसरं काही उरलंच नव्हतं. तेव्हापासून आन्सेल्म गल्लीतून लंगडत गेला की बायका एकमेकींना डोळे घालायच्या आणि म्हातारे टोपीला हात लावायचे. दर महिन्याच्या हजेरीला तो चौकात पाय ओढत जायचा आणि अख्खी गल्ली मनातल्या मनात टाळ्या पिटायची.

सूप वाढता वाढता ओमेरनं पावाच्या रांगेत ऐकलेली बातमी सांगितली. कालव्यापलीकडच्या वस्तीत पहाटे शिपाई येऊन गेले. एका घरात दोन बहिणी आणि आई एवढ्याच होत्या, दोन्ही बहिणींना नेलं. शेजारच्या घरात दोन भाऊ आणि त्यांची बहीण होती, तिथले भाऊ नेले, बहिणीला हात लावला नाही. घरटी एक-दोन माणसं हवीत त्यांना. धडधाकट पुरुष असला तर बाईकडे बघत नाहीत.

फिलोमेनच्या हातातली पळी थांबली. तिनं झेलीकडे पाहिलं. झेली ताटलीत बघून जेवत होती, अगदी सावकाश, आणि तिचे कान लाल झाले होते. ही सासूला भेटायला आलेली नाही, पोरीला पुरुषमाणसाच्या आडोशाला आणून उभी केली आहे, हे फिलोमेनला तेव्हा समजलं.

"हे तुला ठाऊक होतं," ती म्हणाली.

"होतं," झेली म्हणाली. तिनं चमचा खाली ठेवला. आन्सेल्मकडे वळून तिनं इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्याला नीट हाक मारली. "भाऊजी, मी आडपडदा ठेवत नाही. उद्या नाही तर परवा ते इथं येणार. तुम्ही लंगडत उभे राहिलात तर ते माझ्या पोरीला नेतील. सरळ उभे राहिलात तर तुम्हाला नेतील. तुम्ही पुरुष आहात, नांगर धराल, परत याल. ती परत आली तरी काय होऊन परत येईल?"

ओदिल म्हणाली, "आई, नको ना," आणि झेलीनं तिच्याकडे न बघताच तिला गप्प केलं.

ओमेर घसा खाकरत म्हणाला की झेलीचं म्हणणं चूक नाही. एरवी तो वहिनीच्या शब्दाबाहेर नसे, पण ओदिलला त्यानं खांद्यावर बसवून मिरवलं होतं, त्याला स्वतःचं मूल नव्हतं. "दीड वर्ष नाटक केलंस, पोरा. फार उत्तम केलंस. आता पडदा पाडायची वेळ आली."

आन्सेल्मनं आईकडे पाहिलं. फिलोमेननं मान हलवली, नको म्हणून. तरी तो बोलला.

"नाटक नाहीये, काका. पाय खरंच गेलाय. त्या वसंतात गेला तो गेलाच. डॉक्टरनं शिक्का मारला तो बरोबर मारला."

झेली हसली.

"आज?" झेली म्हणाली. "दीड वर्ष बरा होता, आणि नेमका आज गेला?"

तो सांगत राहिला, की काकांनी थाप मारली आणि मी ती खोडली नाही, एवढीच माझी चूक. लोक पाठीवर थाप मारत होते, बरं वाटत होतं. पण सांगताना त्याचा आवाज खाली खाली गेला, आणि खऱ्या माणसाचा आवाज खाली गेला की तो खोट्यासारखाच ऐकू येतो. झेली ताडकन उठली. तिच्या एप्रनच्या ओच्यात एक बटाटा तसाच राहिला होता. तो निसटला, फरशीवर आपटला आणि घरंगळत टेबलाखाली गेला. आन्सेल्मचा डावा पाय आपोआप उचलला गेला. त्यानं बटाटा तळव्याखाली अलगद थांबवला, टाचेनं वळवला आणि पायाच्या बाहेरच्या कडेनं झेलीच्या पायाशी सोडला. किती सुरेख केलं ते. त्याला स्वतःला कळलंही नाही, कळ आली ती नंतर.

सगळ्यांनी पाहिलं. ओमेरनं मान खाली घातली. झेलीनं वाकून बटाटा उचलला, एप्रनला पुसला.

"गेलेला पाय," ती म्हणाली. "काय छान गेलाय."

*

मागच्या अंगणात रिकामा कबुतरखाना होता. कबुतरं निरोप नेतात म्हणून जर्मनांनी ती मारायचा हुकूम काढला तेव्हा ओमेरनं स्वतःच्या हातानं एकेकाची मान मुरगाळली आणि आठवडाभर तोंड उघडलं नाही. कबुतरखान्याच्या फळकुटावर आन्सेल्म विजारीचा पाय वर सारून बसला होता. गुडघा भोपळ्याएवढा फुगला होता. फिलोमेननं गार पाण्याची पट्टी बांधली. हे काम ती दीड वर्ष रात्री दार लावून करत आली होती. दर हजेरीनंतर तो तासभर पाय खाली टेकवू शकत नसे.

"चल आत, मी दाखवते त्यांना हा गुडघा," ती म्हणाली. "झेलीला आणि ओमेरला, दोघांनाही."

"आता बटाट्यावर मुरगळला म्हणतील."

"म्हणू देत. तू उद्या लंगडशील. खरा लंगडतोस तसाच. यात खोटं काय आहे?"

"आणि ओदिल?"

फिलोमेन पट्टीला गाठ मारत राहिली. तिनं जन्मभर देवाचं केलं होतं, कुणाचं वाईट चिंतलं नव्हतं. आणि आत्ता, पवित्र शनिवारी, तिच्या मनात स्वच्छ येऊन गेलं की जाईना का ओदिल. एक पोरगा आघाडीच्या पलीकडे, बहुधा मेलेला. दुसराही द्यायचा? नात तरणी आहे, पाय धड आहेत, निभावेल. हा असला माणूस शेतात उभा राहील, पहिल्याच दिवशी पडेल, आणि हा सोंग करतोय असं समजून ते त्याला बंदुकीच्या दस्त्यानं उठवतील. इथल्या लोकांनी नाही का सोंगच समजलं. मनात आलं ते तिला स्वतःलाच भयंकर वाटलं, पण तिनं ते मागे ढकललं नाही.

"मला भीती वाटते, आई," आन्सेल्म म्हणाला. "लोकांना वाटतं मी कशालाच भीत नाही. सामन्याआधी मी प्रत्येक वेळी ओकायचो, हे फक्त तुला ठाऊक आहे."

"मग जाऊ नकोस."

"मी काहीच ठरवलेलं नाही," तो म्हणाला, आणि ते खरं होतं.

संध्याकाळी फिलोमेन माडीवर गेली आणि झेलीला म्हणाली की तू पोरीला घेऊन आपल्या घरी जा. इथं थांबू नका. झेली पलंगावर बसून ओदिलच्या कोटाच्या अस्तरात लोकरीचा जाड तुकडा शिवत होती. तिनं दोरा दातानं तोडला. हे घर एक्तोरचंही आहे, ती म्हणाली. तो जिवंत असेल तर त्याच्या हक्कानं मी इथं आहे आणि मेला असेल तर त्याच्या पोरीच्या हक्कानं. तुम्हाला धक्के मारून काढायचं असेल तर ओमेरकाकांना बोलवा, बघू ते मारतात का. फिलोमेन जिन्याचा कठडा धरून खाली आली. ओमेर जिन्याच्या पायथ्याशीच उभा होता. त्यानं सगळं ऐकलं होतं आणि तो वहिनीच्या नजरेला नजर देईना.

ओदिल तेवढी मधल्या मधे सापडली होती. तिला आईचा राग येत होता आणि आईनं तो कोट शिवू नये असंही वाटत नव्हतं. रांगेतल्या पोरी काय काय बोलत ते तिनं ऐकलं होतं. नेलेल्या मुलींना आधी डॉक्टरपुढे उभं करतात, रस्त्यावरच्या बायकांना करतात तसं. ते आठवलं की तिचे दात वाजायला लागत. आन्सेल्मकाका अंगणातून आत आला तेव्हा तिनं त्याला गाठलं.

"काका, खरंच दुखतो पाय?"

त्यानं तिच्याकडे बघितलं. लहानपणी तो तिला मैदानावर न्यायचा, आपला कोट सांभाळायला द्यायचा. ती सामना बघायचीच नाही, कोट खाली पडू नये एवढंच बघायची.

"अधूनमधून," तो म्हणाला. "थंडी असली की."

तिला आपण काय विचारतोय ते ठाऊक होतं, आणि उत्तर ऐकून तिला जे हलकं वाटलं त्याची तिला लाजही वाटली. ती वर जाऊन आईशेजारी पडली.

*

ते ईस्टरच्या सोमवारी उजाडता उजाडता आले. आधी गल्लीच्या तोंडाशी गाडीची चाकं, मग बूट, मग दारांवर बंदुकीच्या दस्त्याचे ठोके, एकेक घर जवळ येत. कुणी रडत नव्हतं, त्यामुळे सगळं स्पष्ट ऐकू येत होतं. पाचही जण बोळात उभे राहिले. जिना एका बाजूला, गुत्त्याचं दार दुसऱ्या बाजूला, मधे दोन माणसं जेमतेम जातील एवढी वाट. प्रत्येकाच्या पायाशी बोचकं. फिलोमेननं स्वतःसाठीसुद्धा बांधलं होतं, हुकूम होता म्हणून.

अधिकारी तरुण होता. त्याला सर्दी झालेली होती. त्यानं नाक पुसलं, रुमाल नीट घडी करून ठेवला आणि सुप्रभात म्हणाला. त्याचं फ्रेंच शाळामास्तरासारखं शुद्ध होतं. मागे दोन शिपाई. त्यानं ओमेरकडे पाहिलं, फिलोमेनकडे पाहिलं, आणि नजर पुढे नेली. झेलीचं कार्ड पाहिलं. मग ओदिलपुढे थांबला.

"वय?"

"एकोणीस."

"काही आजार?"

झेली बोलायला गेली, तर शिपायानं हात आडवा धरला.

"बोचकं घ्या, मादमोझेल," अधिकारी म्हणाला.

झेलीनं दिराकडे पाहिलं नाही. जिवाच्या आकांतानं ती समोरच्या भिंतीकडे बघत होती, कारण आत्ता तो गप्प राहिला तर त्याचं तोंड आपल्याला आयुष्यभर आठवत राहील, असं तिला वाटत होतं. मग तिला त्याचा आवाज ऐकू आला.

"साहेब, तिच्या जागी मी येतो."

अधिकाऱ्यानं त्याचं कार्ड मागितलं, वाचलं. "तुम्ही लंगडे आहात."

"नाही. मी तुमच्या डॉक्टरला फसवलं."

फिलोमेनच्या तोंडाशी आलं होतं की हा खोटं बोलतोय. एकच वाक्य. मुलगा वाचला असता. तिच्यासमोर ओदिल उभी होती, तिची हनुवटी थरथरत होती, आणि ती हनुवटी हुबेहूब एक्तोरची होती. फिलोमेननं ओठ दातांत धरले. शनिवारी मनात जे स्वच्छ होतं ते आता तिला जमेना.

"चालून दाखवा," अधिकारी म्हणाला.

आन्सेल्मनं कोटाची बटणं लावली. गर्दीसमोर मैदान सोडताना कसं चालायचं ते त्याला येत होतं, हरल्यावरही. मान वर, खांदे सैल. त्यानं उजवा पाय टाकला, मग डावा. डाव्यावर भार आला तसं आत काहीतरी सरकलं आणि मांडीपासून दाढेपर्यंत कळ गेली. त्यानं गाल आतून चावला. दारापर्यंत गेला, वळला, परत आला. चेहरा तसाच.

अधिकारी बघत होता. तो मूर्ख नव्हता. त्यानं जिन्याकडे हनुवटी केली.

"वर जा. आणि खाली या. कठड्याला हात न लावता."

चढताना आन्सेल्मनं उजव्यावर निभावलं. वर पोचला तेव्हा त्याला क्षणभर कुणी पाहू शकत नव्हतं. त्यानं भिंतीला कपाळ टेकलं. उतरणं म्हणजे प्रत्येक दुसऱ्या पायरीला सगळं अंग त्या गुडघ्यावर सोडणं. गुडघा अडकला की तो तिथंच कोसळणार, मग त्याचा काही उपयोग नाही, मग ते पोरीला घेऊन जाणार, आणि तोही पडल्यापडल्या बघत राहणार. ही भीती दुखण्यापेक्षा मोठी होती. तो उतरला. इतका सहज, की शिट्टी नाही वाजवली एवढंच. शेवटच्या पायरीवर आला तेव्हा त्याच्या कपाळावरून घामाचा ओघळ भुवईत गेला, आणि अधिकारी नेमका तेव्हाच रुमालात शिंकत होता.

"आमच्या डॉक्टरला हे कळवावं लागेल," तो म्हणाला. त्याला गंमत वाटली असावी. "घ्या बोचकं, मसियो. मादमोझेल, तुम्ही राहा. दार उघडं ठेवा, गल्ली संपेपर्यंत."

एक शिपाई आन्सेल्मबरोबर निघाला, अधिकारी दुसऱ्याला घेऊन शेजारच्या दाराकडे गेला. निरोप असा झालाच नाही. आन्सेल्मनं आईचा मुका घेतला तेव्हा त्याच्या तोंडाला रक्ताचा वास आला. ओदिलनं त्याचं बोचकं उचलून त्याच्या खांद्यावर दिलं. त्यानं तिच्या खांद्यावर हात ठेवला, आणि सबंध भार त्या हातावर आला, इतका की ओदिलचे गुडघे वाकले. तिनं दचकून वर पाहिलं. त्यानं लगेच हात काढून घेतला आणि उंबरा ओलांडला.

झेलीनं दाराच्या चौकटीला पाठ टेकली. पोरगी वाचली होती, तरी मनात विष उसळत होतं.

"पाहिलंत ना, आई?" ती दबक्या आवाजात म्हणाली. "जिना उतरला. कठड्याला हात न लावता. आणि परवा म्हणत होता गेलाय म्हणून. मी आले नसते तर यानं माझी पोर जाऊ दिली असती."

फिलोमेन रस्त्याकडे बघत होती. गाडी गल्लीच्या टोकाला, कारखान्याच्या भिंतीपाशी उभी होती. तिथवर चालत जायचं होतं.

"झेली," ती कुजबुजली, "त्याचा गुडघा खरंच गेलेला आहे. दीड वर्ष मी पट्ट्या बांधते आहे. रात्री तो उशी तोंडात धरतो. आता तोंड बंद ठेव आणि बघ."

ओमेर मागे उभा होता. त्यानं भिंत धरली. थाप त्याची होती, गुत्त्यात टेबलं बडवून घेणारा तो होता. "वहिनी," तो नुसतं एवढंच म्हणाला.

ते सगळे दारात उभे राहून बघत होते. गल्लीत दोन्ही बाजूंना दारं उघडी, प्रत्येक दारात माणसं. आन्सेल्म मधून चालला होता, मान वर, खांदे सैल, सरळ. अधिकारी शेजारच्या उंबऱ्यावरच होता. त्यानं नुसती मान वळवली असती तरी त्याला सगळा रस्ता दिसला असता. झेलीला आता एकेक पाऊल दिसत होतं. डावा पाय पडला की त्याचं बोचकं किंचित उडत होतं. तिच्या मनात इतके दिवस त्याच्याविषयी जे जे होतं ते कुठं गेलं ते तिला कळेना. तो एकदा लंगडला तर हे लोक परत फिरतील, अशी तिला धास्ती होती. आणि तो लंगडला तर लंगडू दे, त्याला थोडं लंगडू दे देवा, असंही तिच्या तोंडून पुटपुटलं गेलं. तिनं ओदिलला छातीशी धरलं, नजर रस्त्यावरच ठेवून.

कारखान्याच्या भिंतीशी तो पोचला. गाडीवर चढताना शिपायानं त्याला मागून ढकललं, की त्यानं हात दिला, ते इतक्या लांबून दिसलं नाही.

समोरच्या दारात क्लोतिल्द उभी होती, तोंडाळ पण मनानं वाईट नव्हे. तिच्या घरातून कुणाला नेलं नव्हतं आणि सुटकेनं तिची जीभ सैल झाली होती. तिच्यापासून चार हातांवर एक शिपाई भिंतीला टेकून गल्ली राखत होता.

"ओमेर," तिनं रस्त्यापलीकडून विचारलं, "म्हणजे पाय बरा होता तर तुमच्या आन्सेल्मचा. का काय?"

शिपायाला फ्रेंच येत होतं की नाही, कुणाला माहीत. तो ओमेरकडे बघत होता. अधिकारी शेजारच्या दारातून बाहेर पडत होता. ओमेरनं तोंड उघडलं. जन्मभर ज्याची जीभ कधी अडखळली नाही त्या माणसाच्या तोंडून आवाज निघेना. त्याची मान आपोआप हलायला लागली, आणि ती हो म्हणून हलते आहे की नाही म्हणून, ते त्यालाही कळत नव्हतं. डोळ्यांतून पाणी गालावर आलं. अधिकारी थांबला.

फिलोमेन ओमेरच्या पुढे झाली, थेट उंबऱ्यावर.

"माझ्या आन्सेल्मला काय झालंय?" ती रस्ताभर ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली. "माझ्या दोन्ही पोरांत धडधाकट तोच. लबाड मेला. मलासुद्धा फसवलं त्यानं."

अधिकाऱ्यानं रुमाल काढला, नाक पुसलं आणि तो पुढच्या दाराकडे वळला.